कोंबाचा हात

त्या वर्षी मेंढ्या व्यायला आल्या आणि गेलेला बर्फ परत फिरून आला. आमच्या अक-जार गावात असं घर उरलं नाही की ज्याच्या दारात ताठलेली कोकरं मांडून ठेवलेली नव्हती. झुराकान आपाच्या कळपातली तर तिसरा हिस्सा मेंढरं गेली. आपानं रडारड केली नाही. मेलेल्या मेंढ्या अंगणात ओढून घेतल्या आणि कात्र घेऊन स्वतः बसली.

"जित्याची काय नि मेल्याची काय," ती म्हणाली, "नमद्याला कुठं कळतंय लोकर कुणाची ते."

घरात माणसं मोजकीच. आपा, तिचा मुलगा कुबात, सून साल्किन आणि त्याच हिवाळ्यात जन्मलेला नातू इरिस. आपाचा नवरा जाऊन बरीच वर्षं झाली होती. शहरातल्या एका बाईनं आपल्या पाहुणाघरासाठी आपाकडं नमदे, म्हणजे लोकर दाबून केलेली जाजमं, सांगितले होते. बर्फ पडायच्या आत ते हवाली झाले तर हिवाळ्याचं पीठ, कोळसा आणि उरलेल्या मेंढरांचा चारा निघणार होता. नाही झाले तर उरलेली मेंढरंही विकायची होती. म्हणून कुबात आपल्या मेंढरांबरोबर लोकांचीही मेंढरं घेऊन वरच्या कुरणात गेला, आणि लोकर गोळा करत सगळं घर त्याच्या मागं गेलं.

शहरापर्यंत आपाचं नाव गेलं होतं ते तिच्या हातांमुळं. तिच्या नखांच्या कडेकडेनं मांसाचे कोंब फुटलेले होते. कुठं गव्हाएवढा, कुठं हरभऱ्याएवढा, घट्ट, गुलाबी. दुखत नसत, खुपत नसत. उजव्या अंगठ्यावरचा कोंब तर एवढा होता की त्यानं नखाला मधोमध पन्हळ पाडली होती. न्हाण आल्यानंतर एकेक करून ते फुटले, तिच्या आईलाही तसेच होते. आमच्या खोऱ्यात म्हणत, कोंबाच्या हातानं पहिली मूठ पसरली तर नमदा फाटत नाही. त्यामुळं कुणाच्या अंगणात लोकर निघाली की आपाला बोलावणं जायचं. ती यायची, बाह्या सारायची, बोरूच्या चटईवर लोकरीची पहिली मूठ टाकायची आणि मग चहा पीत बाकीच्या बायकांच्या कामाला नावं ठेवायची. नव्या नवरीचे हात ती आपल्या हातात धरायची. बाळाची पहिली अंघोळ तिच्याच हातची. इरिसलाही तिनंच न्हाऊ घातलं होतं, आणि त्याच्या पाठीवरचे पानाच्या आकाराचे पांढरे डाग बघून म्हणाली होती, "फरिश्त्याची बोटं उमटलीत. नशीबवान आहे पोरगं."

इरिस या नावाचा अर्थही नशीबच.

कुरणात आल्यावर इरिस सलाम करायला लागला.

आमच्यात नवी सून सासरी आली की थोरामोठ्यांपुढं कमरेत वाकून सलाम करते, आणि ज्याला सलाम केला त्यानं आशीर्वाद द्यायचा असतो. सलाम कुणाचाही असो, तो तसाच सोडत नाहीत. तर एका सकाळी साल्किननं झोपेतून उठलेल्या इरिसला बाळाला पाळण्यात बांधायच्या पट्ट्यांतून सोडवून मांडीवर बसवलं. त्यानं दोन्ही हात पुढं टाकले, मान छातीवर घातली, आणि क्षणभरानं वर केली. परत तसंच, आणि परत तसंच.

आपाच्या हातातलं ताक सांडलं, इतकी ती हसली. "अगं बघ, बघ, सलाम करतोय. शंभर वर्षं जग रे माझ्या राजा. शंभर वर्षं जग." मग सुनेकडं वळून म्हणाली, "तू लग्नात एवढं वाकली नव्हतीस. तुझ्या कमरेत लाकूड होतं. पोरगं आपल्या आजीवर गेलं बघ."

"तुमच्यावरच जाणार की," साल्किन म्हणाली. तीही हसत होती.

शेजारच्या तंबूतली माणसं बघायला आली. कुणी घोडीचं दूध घेऊन आलं, कुणी साखरेचा खडा. इरिस झोपून उठला की बाया गोळा व्हायच्या, तो वाकायचा, आणि सगळ्या एका सुरात त्याला शंभर वर्षं जग म्हणायच्या. म्हाताऱ्या जुमादिल काकांनी तर टोपी काढून त्याला उलटा सलाम केला. तो उन्हाळा त्या घरात फार आनंदात गेला, हे सांगायलाच हवं. मेलेली मेंढरं जरा विसरल्यासारखी झाली होती.

सलाम झाल्यावर पोर रडायचं. दर वेळी रडायचं. आपा म्हणायची, भूक लागली. साल्किन अंगावर घ्यायची, तर ते प्यायचं नाही. उन्हाळ्याच्या सुरुवातीला ते आईचा चेहरा बघून खुदकन हसायचं, कुत्र्याच्या शेपटीकडं हात करायचं. कुरण पिवळं पडेपर्यंत ते सगळं थांबलं. डोळे उघडे असायचे, पण त्या डोळ्यांत कुणी उभं राहिलं तरी ओळख दिसायची नाही. साल्किननं हे बघितलं होतं. बोलली मात्र नाही. सगळं घर ज्या गोष्टीवर खूश आहे तिला गालबोट कसं लावायचं, असं तिला वाटायचं.

शरदात सगळे खाली गावात आले आणि नमद्याचं काम सुरू झालं. पाच-सहा बाया आपाच्या अंगणात बसून वेताच्या छड्यांनी लोकर झोडत होत्या. धूळ आणि मेंढीचा वास नाकातोंडात जात होता. लोकर फुलली की आपा पहिली मूठ टाकायची, मग बाकीच्या थरावर थर पसरायच्या, वरून उकळतं पाणी शिंपडायच्या, आणि चटईसकट गुंडाळी करून दोरानं आवळायच्या. ती गुंडाळी पायांनी लाथाळत अंगणभर फिरवायची. पाय भाजायचे, तळवे पांढरेफटक पडायचे. मग सोडायची, आणि गुडघ्यांवर बसून कोपरापर्यंतच्या हातांनी दाबत परत लाटायची. साल्किनच्या हातांची सालटी निघाली होती. ती सर्वांत शेवटच्या जागी बसायची, कारण पाळणा तिथून दिसायचा.

गावच्या दवाखान्यातली नर्स गुलसून दुपारी कामाला हातभार लावायला आली. तेवढ्यात इरिस उठला. साल्किननं ओले हात पुसले आणि त्याला बाहेर काढून मांडीवर घेतलं.

"आता बघ हं मजा," आपा गुलसूनला म्हणाली. "सलाम करेल तुला."

इरिस वाकला. हात पुढं, मान खाली. बाया म्हणाल्या, शंभर वर्षं जग. तो परत वाकला. गुलसूननं आशीर्वाद दिला नाही. ती लोकर टाकून उठली, त्याच्यापुढं उकिडवी बसली आणि तो थांबेपर्यंत बघत राहिली.

"कधीपासून करतोय हे?"

"कुरणात गेल्यापासून," साल्किन म्हणाली.

"झोपून उठल्यावरच?"

"उठल्यावर जास्त. नंतर रडतो."

गुलसूननं त्याच्या डोळ्यांपुढं चावी हलवली. नजर चावीमागं गेली नाही. "मला यातलं फार कळत नाही," ती म्हणाली, "पण हा सलाम नाही गं. ही फिट आहे. याला बिश्केकच्या मोठ्या दवाखान्यात घेऊन जा. उद्याच जा."

 एकीनं हातातली छडी खाली ठेवली. आपाचा चेहरा असा झाला, जणू कुणी भर पंगतीत तिच्या ताटातलं उचलून नेलं असावं.

"फिट आली तर माणूस पडतो, तोंडाला फेस येतो," आपा म्हणाली. "मला शिकवू नको. माझ्या हाताखालून निम्मं गाव न्हाऊन गेलंय."

"आपा, मी शिकवत नाही. मी जा म्हणते एवढंच."

"जाऊ की. लोकर भिजलीय. भिजलेली लोकर टाकून कुणी जातं का? कुजून जाईल. हे नमदे उरकले की जाऊ."

तिचं खोटं नव्हतं. भिजवलेली लोकर राहू देता येत नाही. एक नमदा उरकला की दुसऱ्याची लोकर झोडून तयार असायची, आणि वर ढग येत होते. साल्किन नवऱ्याकडं बघत होती. कुबात विहिरीवरून पाणी आणून चुलाण्यावर ओतत होता. त्यानं आईकडं बघितलं, मग बायकोकडं, आणि रिकामी बादली घेऊन परत विहिरीकडं गेला.

फिट हा शब्द मात्र अंगणात राहिला, आणि तो कुणाच्या तरी गळ्यात पडणारच होता. तो साल्किनच्या गळ्यात पडला. एक म्हणाली, हिनं दिवेलागणीनंतर बाळाची दुपटी बाहेर वाळत ठेवली होती. दुसरी म्हणाली, कुरणात हिचा तंबू जुन्या थडग्याच्या फार जवळ होता. आपाही बोलायचं ते बोलली, आणि तिनं मौलवीला बोलावून सुनेवर फुंकर घालून घेतली, पोरावर नाही.

मग आपाच्या सांगण्यावरून जुमादिल काका आपला काठी-कोट घेऊन साल्किनच्या माहेरी जाऊन आले. आमच्यात लग्न जुळवताना दोन्हीकडचे सात बाप मोजतात. सात पिढ्यांत रक्त एक निघालं तर लग्न मोडलं. ते लग्नाच्या वेळी मोजलं होतंच. काका परत मोजायला गेले, आणि त्यांच्यात कुणी वेडा, कुणी फिटवाला होता का, हेही विचारून आले. साल्किनच्या बापानं त्यांना मटण वाढलं, आणि सगळं ऐकून झाल्यावर घराबाहेर जाऊन गोठ्याच्या भिंतीला टेकून उभा राहिला. हे तिला तिच्या बहिणीनं फोनवर सांगितलं. साल्किननं फोन ठेवला आणि नमदा लाटायला बसली. त्या दिवशी तिनं इतक्या जोरानं लाटलं की शेजारची म्हणाली, "अगं, जमीन नको लाटूस."

"निघालं का काही?" आपानं काकांना विचारलं.

"साती बाप धडधाकट. एक घोडेचोर निघाला, पण डोक्यानं शाबूत होता."

बाया हसल्या. साल्किननंही हसल्यासारखं केलं. रात्रंदिवस जिच्या मांडीवर पोर वाकत होतं तिच्याकडून आणखी काय होणार होतं?

शेवटचा नमदा ताणून वाळत घातला त्याच दिवशी पाऊस आला. दुसऱ्या दिवशी चौघं बिश्केकच्या गाडीत बसली. आपाला कुणी ये म्हटलं नव्हतं. पण ती रेशमी रुमाल बांधून, पिशवीत वाळल्या दह्याचे गोळे आणि डॉक्टरणीसाठी एक छोटा नमदा घेऊन सगळ्यांच्या आधी गाडीत चढली होती.

डॉक्टरीण पन्नाशीची होती, थकलेली, आवाज हळू. तिनं इरिसला पूर्ण उघडं केलं, खोलीत अंधार करून एक निळा दिवा त्याच्या पाठीवर धरला. पांढरे डाग चुन्यानं काढल्यासारखे उजळले.

"हे जन्मापासून आहेत?"

"फरिश्त्याची बोटं आहेत ती," आपा म्हणाली.

डॉक्टरणीनं निळा दिवा बंद केला. तिनं खोलीतला दिवा लावला आणि सासर-माहेरची विचारपूस सुरू केली. साल्किनला सासऱ्याचं नाव विचारलं. सून सासऱ्याचं नाव घेत नाही. साल्किन लाल होऊन खाली बघत राहिली. शेवटी कुबातनं सांगितलं. बाहेर थांबलेली एक शहरी बाई दारातून हे बघून हसली.

आपाला हे सगळं लांबलेलं आवडेना. तिनं पुढं होऊन इरिसच्या टाळूवर हात ठेवला. "डॉक्टरीणबाई, मी रोज याच्या डोक्यावरून हात फिरवते. हा साधा हात नाही. आमच्या खोऱ्यात कुणालाही विचारा."

डॉक्टरणीनं त्या हाताकडं बघितलं. मग ती खुर्चीवरून उठली, टेबलाला वळसा घालून आली आणि आपाचा हात आपल्या हातात घेतला. आपाला ते नवीन नव्हतं. लोक असाच घेत तिचा हात. तिनं दुसराही पुढं केला.

"हे कधी आले?"

"न्हाण आल्यावर. एकेक करत."

"आणखी कुणाला आहेत?"

"माझ्या आईला होते. आमच्यात येतातच ते," आपा म्हणाली, आणि तिच्या आवाजात अजून तोरा होता. "माझ्या मुलाला नाही आले. बाईच्या जातीला येतात."

डॉक्टरीण कुबातकडं वळली. त्याच्या नाकाच्या दोन्ही बाजूंना लहानपणापासून बारीक लाल पुळ्या होत्या. उन्हातान्हाच्या म्हणून कुणी लक्ष दिलं नव्हतं. तिनं त्या बघितल्या.

"बूट काढा."

"बूट?"

"बूट आणि मोजे."

कुबातचे बूट कुरणातले होते. त्याच्या एका मोज्याला अंगठ्यापाशी भोक होतं, ते झाकायला त्यानं मोजा पुढं ओढून पायाखाली दुमडला होता. त्यानं बूट काढले तसा खोलीभर वास पसरला. तो खाली मान घालून बसला. त्याच्या पायांच्या नखांच्या कडेनं कोंब होते. आईच्यासारखेच, फक्त बुटानं चेपलेले. दोन-तीन ठिकाणी वण होते.

"हे काय केलंत?"

"बुटात दाबायचे," कुबात पुटपुटला. "मेंढ्यांच्या कात्रीनं कापायचो. परत यायचे."

"बूट घट्ट होते म्हणून आलेत असं वाटायचं त्यांना," साल्किन म्हणाली. तिनं ते पाय रोज बघितले होते.

डॉक्टरीण परत आपल्या जागी बसली. तिनं सगळं एकदम सांगितलं नाही. आधी पोराच्या डोक्याची चित्रं काढायला लावली. दुपारभर ती चौघं लाकडी बाकावर बसून होती. आपानं सगळ्यांना दह्याचे गोळे दिले, कुणी खाल्ले नाहीत. संध्याकाळच्या आधी परत बोलावलं. चित्रावर डोक्याच्या आत पांढरे ठिपके होते, पुष्कळ होते.

"तुमच्या बोटांवर जे आहे," डॉक्टरीण आपाला म्हणाली, "ते निरुपद्रवी आहे. त्यानं तुम्हाला काही होणार नाही. पण ते ज्या दोषातून येतं तो दोष रक्ताबरोबर खाली उतरतो. कुणाच्या नखांशी येऊन थांबतो, कुणाच्या चेहऱ्यावर. तुमच्या नातवाच्या डोक्यात गाठी धरल्यात त्यानं. त्याला येतात त्या फिटा त्यामुळं."

"रक्त आमचं स्वच्छ आहे," आपा म्हणाली. "सात बाप सांगते. नवऱ्याचे सांगू की माझे?"

"बापांचं नाही विचारत मी. आईला होते म्हणालात. आईच्या आईला?"

"होते म्हणायचे."

"तिचं नाव काय? तिची मुलंबाळं कशी होती?"

आपानं तोंड उघडलं. ती बराच वेळ आठवत होती. नवऱ्याचे सात बाप तिनं इरिसला पाळण्यात गाऊन दाखवले होते, एकही न चुकता. आजीचं नाव तिला येत नव्हतं. कुणी तिला सांगितलंच नव्हतं, आणि तिनंही कधी विचारलं नव्हतं.

"आणि तुमची भावंडं?"

"एक भाऊ होता," आपा हळूच म्हणाली. "बोलायचा नाही. दिवसभर बसून..." ती थांबली. मग स्वतःशीच बोलल्यासारखं म्हणाली, "मान हलवायचा. अल्लाचा माणूस म्हणायचे त्याला. लोक भाकरी आणून द्यायचे. नदीत गेला लहानपणीच."

तिनं दोन्ही हात मांडीवरून उचलले आणि शालीच्या आत घेतले. मी तर म्हणेन, त्या हातांना त्याआधी कधी झाकलेलं कुणी बघितलं नव्हतं.

साल्किनला त्या वेळी काय वाटलं ते तिनं पुढं एकदाच सांगितलं. आधी तिला बरं वाटलं. माझं नाही, माझ्या बापाचं नाही, असं छातीत काहीतरी मोकळं झालं. आणि मग मांडीवर इरिस वाकला, आणि तिला त्या बरं वाटण्याची इतकी लाज वाटली की तिला त्याच्याकडं बघवेना.

"बरा होईल ना?" तिनं विचारलं.

"औषध लिहून देते. फिटा थांबल्या तर थांबतील." डॉक्टरीण चिठ्ठी लिहू लागली. "लवकर आला असतात तर जास्त हाताशी लागलं असतं. जे हसणं-बघणं गेलंय ते किती परत येईल, सांगता येत नाही."

"पुढचं मूल?" हे कुबातनं विचारलं. तो अजून अनवाणी होता.

"दोघांत एक, असं धरा. तुमच्याकडून जाईल किंवा जाणार नाही. तुमच्या हातात नाही ते."

निघताना आपानं पिशवीतला छोटा नमदा टेबलावर ठेवला. डॉक्टरीण नको म्हणाली. आपानं तो तसाच सोडला. परत उचलून घ्यायचं तिला सुचलं नाही.

औषध आमच्याकडं मिळत नव्हतं. कुबातचा चुलतभाऊ मॉस्कोत मजुरी करायचा, त्यानं येणाऱ्या माणसांच्या हाती ते पाठवलं. तोवर पहिला बर्फ पडून गेला होता. नमदे वेळेत हवाली झाले, पीठ आलं, कोळसा आला. काम फत्ते झालं होतं, आणि घरात कुणाला त्याचं काही नव्हतं.

कुबात पोराला उचलेनासा झाला. पाळण्यापासून दूर बसायचा, बूट घालूनच. एके दिवशी साल्किननं इरिसला त्याच्या मांडीत आणून टाकलं.

"घ्या याला. मला गाय पिळायचीय."

"माझ्यामुळं झालं गं."

"झालं असेल. गाय थांबणार आहे का?"

त्यानं पोराला धरलं. धरून तो रडला. तिनं बादली उचलली आणि गेली, कारण ती थांबली असती तर तीही रडली असती, आणि मग गाय खरंच कुणी पिळली नसती.

आपानं मात्र दुसरंच केलं. एका दुपारी ती परसात बसली, मेंढ्यांची कात्र धारेच्या दगडावर घासली आणि उजव्या अंगठ्याचा कोंब मुळापासून कापला. मग बाकीचेही. साल्किन धावत आली तेव्हा पुढ्यातल्या पांढऱ्या लोकरीवर रक्त सांडलं होतं.

"आपा, काय केलंत हे?"

"काढून टाकले."

"ते काढून याचं काय होणार आहे?"

"काही होणार नाही. ठाऊक आहे मला." आपानं हात पुढं केले, आणि सुनेनं त्यांना चिंध्या बांधल्या. "तुला किती बोलले मी. तुझ्या बापाच्या दारात माणूस पाठवला."

"तुम्हाला कुठं माहीत होतं."

"माहीत नव्हतं म्हणून हात दुसऱ्याचा होतो का?"

 साल्किननं गाठ मारली आणि रक्ताची लोकर वेगळी काढली.

हिवाळा सरत आला तेव्हा कोंब परत फुटले. आधी गव्हाएवढे, मग होते तसे. त्याच सुमारास वरच्या आळीतल्या सोनुनबूच्या मुलीचं लग्न ठरलं, आणि तिच्या नमद्याची पहिली मूठ टाकायला बाया आपाला न्यायला आल्या. घरात काय झालंय ते गावाला अर्धंमुर्धं कळलं होतं. पोराला डोक्याचा आजार आहे, एवढंच. त्याचा आणि कोंबांचा काही संबंध असेल हे कुणाच्या स्वप्नातही नव्हतं.

"दुसरी कुणी बघा," आपा म्हणाली. "मला नाही जमणार."

"असं कसं आपा? नवरी तुमचे हात धरायला बसलीय."

"दुखतात हात."

"मग एकच मूठ टाका. चला." सोनुनबूनं हसत तिचा हात धरला, बाहेर ओढला आणि त्याचं चुंबन घेतलं. "हे बघा, कसे टवटवीत आहेत. म्हणे दुखतात."

साल्किन चुलीपाशी उभी होती. आपानं तिच्याकडं बघितलं. सांगू का, असं ती नजर विचारत होती. सांगितलं असतं तर ज्या ज्या घरात आपाच्या माहेरची कोंबाची मुलगी मोठ्या कौतुकानं सून म्हणून आणली होती तिथं काय झालं असतं, ते साल्किनला कळत होतं. तिच्या बापाच्या दारात गेलेली काठी आणखी दहा दारांत गेली असती. न सांगितल्यानं काय होतं, तेही तिच्या पाळण्यात होतं. तिनं मान खाली घातली. आपा बायांबरोबर गेली, मूठ टाकली, नवरीचे हात आपल्या हातात घेतले, आणि चहाही न घेता परत आली.

औषध सुरू झाल्यापासून इरिसचे सलाम थांबले होते. पुष्कळ दिवस तो वाकला नव्हता. हसला मात्र नव्हता. बसत नव्हता. छताकडं बघत पडून राहायचा. तरी सलाम थांबले, एवढ्यावर घर उभं होतं.

सोनुनबूकडून आल्यावर आपा पाळण्यापाशी बसली. साल्किन गोठ्यात होती. इरिस जागा झाला, तसं आपानं पट्ट्या सोडून त्याला मांडीवर घेतलं. त्यानं दोन्ही हात पुढं टाकले. मान छातीवर गेली. वर आली. परत गेली.

साल्किन दुधाची बादली घेऊन दारात आली तेव्हा तिला आतून आपाचा आवाज ऐकू आला. ती थांबली.

"शंभर..." आपा म्हणाली, आणि अडखळली. शंभर वर्षं असं, कुणाच्या मांडीवर? साल्किनच्या मनात आलं, आणि आपाच्याही मनात हेच आलं असणार. इरिस वाकलेलाच होता. सलाम तसा सोडता येत नाही.

"शंभर वर्षं जग रे माझ्या राजा," ती म्हणाली.

तो वर आला, आणि परत वाकला. आपानं त्यालाही उत्तर दिलं. साल्किन बादली हातात धरून दारातच उभी राहिली, आणि आतले सलाम संपेपर्यंत आत गेली नाही.